लिंकनच्या वाटेनं: केंटकी ते स्प्रिंगफिल्ड

माझ्या वर्गात फळ्याच्या उजव्या अंगाला, खिडकीच्या वर, अब्राहम लिंकनचं हेडमास्तरांना लिहिलेलं पत्र टांगलेलं असायचं. सातारा जिल्ह्यात एकतीस वर्षं प्राथमिक शाळेत शिकवलं, दोनदा बदली झाली, आणि तिन्ही शाळांत ते पत्र होतं. एके ठिकाणी काचेच्या तसबिरीत, एके ठिकाणी पिवळ्या पडलेल्या कार्डशीटवर, आणि एका शाळेत तर थेट भिंतीवर ऑइलपेंटनं रंगवलेलं. शिक्षक दिनाला मी ते मोठ्यानं वाचायची. मुलांना निम्मंअधिक पाठच असायचं.

एका वर्षी सातवीतला एक मुलगा नापास झाला. पोरगा हुशार, पण वडील अंथरुणाला खिळलेले, वर्षभर शेत त्यानंच ओढलं. मामा मुंबईत माथाडी कामगार होता, त्याच्याकडे जायचं ठरलं आणि पोरगा दाखला न्यायला आला. मी त्याला त्या पत्राजवळ नेलं. हार पचवायला शिकवा, अशा अर्थाची ओळ दाखवली. त्यानं ती शांतपणे वाचली आणि म्हणाला, "बाई, हे मास्तरांना लिहिलंय. मला कोण लिहिणार?"

मला तेव्हा उत्तर सुचलं नाही.

या खेपेला इंडियानापोलिसला लेकीकडे आले तेव्हा ती म्हणाली, "आई, नायगारा झाला, न्यूयॉर्क झालं, आता कुठं?" मी म्हटलं, लिंकनच्या गावाला. जावयांनी नकाशा उघडला. म्हणाले, "आई, गाव एक नाहीये. सात वर्षं केंटकी, चौदा वर्षं इंडियाना, मग तीस वर्षं इलिनॉय. तो ज्या क्रमानं गेला त्याच क्रमानं जाऊ." नातवाला ऑक्टोबरची शाळेची सुट्टी होतीच. डब्यात दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि भाजलेला चिवडा भरला आणि निघालो.

दिवस पहिला: हॉजनव्हिल

दोन तासांत लुइव्हिल आलं आणि ओहायो नदीचा पूल लागला. पात्र केवढं रुंद! जावयांनी गाडीचा वेग कमी केला आणि नातवाला सांगितलं, की त्या काळी या नदीच्या उत्तरेला माणूस मोकळा आणि दक्षिणेला त्याचा बाजार. आम्ही उत्तरेकडून दक्षिणेला चाललो होतो. जीव मुठीत धरून या नदीकडे पळत सुटलेल्या माणसांची तोंडं उलट्या दिशेला असणार.

हॉजनव्हिलच्या बाहेर लिंकनचं जन्मस्थान आहे. टेकाडावर ग्रॅनाइट आणि संगमरवराची, देवळासारखी इमारत. १९०९ साली थिओडोर रूझवेल्टनं तिची कोनशिला बसवली आणि १९११ साली टाफ्टनं ती लोकार्पण केली. दोघेही राष्ट्राध्यक्ष. चढायला छप्पन्न पायऱ्या आहेत, लिंकनच्या आयुष्याच्या छप्पन्न वर्षांच्या. माझे गुडघे आता पायऱ्यांना भितात, पण एकेक वर्ष मोजत चढले. नवव्या पायरीवर थांबले, आई गेली ते वर्ष. विसावी ओलांडली, पंचविसावी ओलांडली तरी हा माणूस अजून टपालच वाटतोय, हे पायानं मोजल्यावर जास्त कळतं.

आत लाकडी ओंडक्यांची एक खोली ठेवली आहे. शंभर वर्षं लोक तिलाच लिंकनचं जन्मघर मानून हात जोडत होते. २००४ साली लाकडातल्या वर्षावळ्या तपासल्या तेव्हा कळलं, की ही झाडं १८४८ च्या सुमारास तोडलेली आहेत. म्हणजे लिंकन तेव्हा चाळिशीला टेकला होता आणि वॉशिंग्टनला काँग्रेसमध्ये बसत होता. तिथल्या पाटीवर हे लपवलेलं नाही, प्रतीकात्मक खोली असं सरळ लिहिलं आहे. मला ते आवडलं.

खरा आहे तो झरा. इमारतीच्या पायथ्याशी दगडी पायऱ्या उतरून खाली गेलं की गारवा लागतो, शेवाळलेल्या कपारीतून पाणी ठिबकत असतं आणि लगेच जमिनीत पुन्हा गडप होतं. या झऱ्यावरूनच त्या शेताचं नाव पडलं होतं. मी खटाव तालुक्यातली. पाणी कुठं लागतंय ते बघून घर बांधायचं, हे आम्हाला कुणी शिकवावं लागत नाही. १२ फेब्रुवारी १८०९ ला बाळंत झालेल्या नॅन्सी लिंकनसाठी याच झऱ्याचं पाणी वर नेलं असणार.

बापानं, टॉमस लिंकननं, ही जमीन दोनशे डॉलरला घेतली होती. पण केंटकीत मोजणीचा सगळा सावळागोंधळ होता. एकाच रानावर दोघादोघांचे कागद. टॉमसचाही कागद कच्चा निघाला. आपल्याकडे बांधाच्या वादात पिढ्या संपलेल्या पाहिल्या आहेत, त्यामुळे मला ते घर सोडताना त्या बाईचा चेहरा कसा झाला असेल ते दिसलं. अब्राहम दोन वर्षांचा होता.

तिथून दहाएक मैलांवर नॉब क्रीक. दोन्ही बाजूंना उंच डोंगर, मध्ये ओढा आणि ओढ्याकाठी चिंचोळी काळी पट्टी. लिंकनला आठवत होतं ते पहिलं घर हे. त्यानं पुढं सांगितलेली एक आठवण आहे. मोठी माणसं मका टोकत होती आणि त्याच्याकडे भोपळ्याच्या बिया टाकायचं काम होतं, एका आड एक सरीत, एका आड एक आळ्यात, दोन-दोन बिया. दुसऱ्या दिवशी डोंगरात ढगफुटीसारखा पाऊस झाला. खाली खोऱ्यात थेंब पडला नाही, पण वरून लोंढा आला आणि मका, भोपळे, माती, सगळं घेऊन गेला.

मी रस्त्याच्या कडेला उभी राहून तो ओढा आणि ती पट्टी बघत होते. नातवानं विचारलं, "आजी, मग त्यांनी काय केलं?" मी म्हटलं, दुबार पेरणी. दुसरं काय करणार?

त्या जमिनीवरही दावा पडला. लिंकननं १८६० साली स्वतः लिहून ठेवलंय, की केंटकी सोडलं ते काही अंशी गुलामगिरीमुळे, पण मुख्यतः जमिनीच्या कागदांच्या कटकटीमुळे.

दिवस दुसरा: लिंकन सिटी

सकाळी पुन्हा ओहायो ओलांडून इंडियानात आलो. इथं घड्याळ एक तास मागं जातं. जंगल पिवळं-तांबडं झालेलं. टॉमस लिंकन बायको आणि दोन पोरांना घेऊन इथं आला तो डिसेंबर १८१६, इंडियाना राज्य झालं त्याच महिन्यात. राज्याच्या घटनेत गुलामगिरीला मनाई होती आणि जमीन सरकारनं मोजून विकलेली, म्हणजे कागद पक्का. मुलगा सात वर्षांचा. त्याच्या हातात कुऱ्हाड दिली ती तेविसाव्या वर्षापर्यंत जवळजवळ सुटली नाही, असं तोच म्हणतो.

पार्किंगपासून झाडीतून एक वाट टेकाडावर जाते. तिथं लोखंडी कुंपणात एक लहानसा पांढरा दगड आहे. नॅन्सी हँक्स लिंकन, मृत्यू ५ ऑक्टोबर १८१८. वय चौतीस. तो दगड १८७९ साली साउथ बेंडच्या स्टुडबेकर या गाड्या बनवणाऱ्या व्यापाऱ्यानं बसवला.

ती गेली दुधानं. हे वाचून मी हबकलेच. उन्हाळा कडक पडला, कुरणं वाळली, की गाई चरायला जंगलात शिरायच्या आणि सावलीत वाढणारं एक झुडूप खायच्या. त्याचं विष दुधात उतरायचं. गाईला कापरं भरायचं आणि दूध प्यालेलं माणूस आठवड्यात जायचं. शेजारचं जोडपं आजारी पडलं, नॅन्सीनं त्यांची शुश्रूषा केली आणि मग तीच पडली. कारण काय ते कुणालाच ठाऊक नव्हतं. त्यातलं विष नेमकं कोणतं ते विसाव्या शतकात उमगलं.

कुंपणाबाहेर त्याच झुडपाचे दोन-चार ताटवे होते. कमरेएवढी रोपं, करवतकाठी पानं, वर बारीक पांढऱ्या फुलांचे झुबके. आपल्या कोकणातल्या रानमोडीची आठवण झाली. आहेतच दोघी जवळच्या कुळातल्या. मी वाकून बघितलं. इतकं साधं, नाजूक, कुणीही गजऱ्यात माळावं असं फूल. आईच्या शवपेटीला लागणाऱ्या लाकडी खुंट्या नऊ वर्षांच्या अब्राहमनं चाकूनं तासल्या, असं इथं परंपरेनं सांगतात. लेक माझ्या दंडाला धरून उभी होती. आम्ही दोघी बराच वेळ बोललो नाही.

खाली झोपडीची जागा आहे. चुलीचे दगड आणि पायाच्या ओंडक्यांची रेष कांस्यात ओतून जमिनीवर बसवली आहे. भिंती नाहीत, छप्पर नाही. वर्षभर या एवढ्याशा जागेत अकरा वर्षांची बहीण सारा स्वयंपाक करत होती. मग बाप केंटकीला गेला आणि तीन मुलांच्या एका विधवेशी लग्न करून आला. सारा बुश. गाडीत सामान होतं आणि सामानात पुस्तकं. स्वतः तिला वाचता येत नव्हतं.

सावत्र आई म्हटलं की आपल्या गोष्टींतून काय चित्र उभं राहतं ते सांगायला नको. ही बाई वेगळी निघाली. घरात आल्याबरोबर तिनं पोरांना न्हाऊ-माखू घातलं, मातीच्या जमिनीवर फळ्या टाकायला लावल्या, आणि मुलगा वाचत बसला की त्याला उठवायचं नाही असा घरात दंडक घातला. बाप कुरकुरायचा. लिंकनच्या खुनानंतर लोक तिला भेटायला गेले तेव्हा ती म्हणाली, की या मुलानं मला कधी वाकडा शब्द बोलला नाही. माझ्या मनात या प्रवासातल्या सगळ्या माणसांत तिची जागा फार वर आहे.

शाळा? सगळी मिळून एक वर्षही भरत नाही. थोडे दिवस या मास्तरकडे, थोडे दिवस त्या. सगळी पोरं एकाच वेळी मोठ्यानं धडा घोकायची, म्हणजे मास्तरला कळायचं की कोण गप्प बसलंय. आपल्या जुन्या परवच्यासारखंच. एकदा शेजाऱ्याकडून वॉशिंग्टनचं चरित्र वाचायला आणलं, रात्री फटीतून पाऊस आला आणि पुस्तक भिजलं. भरपाई म्हणून तीन दिवस त्याच्या रानात मक्याची वैरण ओढली. पुस्तक मग त्याचंच झालं.

रात्री जवळच्याच सांता क्लॉज नावाच्या गावी मुक्काम. गावाचं नाव खरंच तेवढंच आहे. नातू खूश.

दिवस तिसरा: चार्ल्सटन

व्हिन्सेन्सला वॉबॅश नदी ओलांडून इलिनॉयमध्ये शिरलो. मार्च १८३० मध्ये लिंकन कुटुंब बैलगाड्यांतून इथून पार झालं तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. पुढं सपाट रान, क्षितिजापर्यंत मका, मळणीयंत्रांचा धुरळा.

सरळ स्प्रिंगफिल्डला न जाता आम्ही उत्तरेला वळून चार्ल्सटनला गेलो. जवळच टॉमस आणि सारा यांचं शेवटचं शेत आणि त्यांच्या कबरी आहेत. १८५१ च्या जानेवारीत बाप मरणपंथाला लागला, पत्रं आली, तरी लिंकन गेला नाही. आता भेटलो तर सुखापेक्षा दुःखच जास्त होईल, असं काहीसं सावत्रभावाला कळवलं. अंत्यविधीलाही गेला नाही. दहा वर्षांनी, राष्ट्राध्यक्ष म्हणून वॉशिंग्टनला जायच्या आधी, तो सावत्र आईला भेटायला मात्र मुद्दाम इथं आला.

चार्ल्सटनला माझ्या मनाला लागलेली गोष्ट निराळी आहे. १८४७ साली इथल्या कोर्टात एक खटला उभा राहिला. केंटकीचा मॅटसन नावाचा एक जमीनदार आपल्या गुलामांना पेरणी-कापणीसाठी इलिनॉयमधल्या शेतावर आणायचा आणि परत न्यायचा. जेन ब्रायंट नावाच्या बाईला धास्ती पडली, की आता आपल्याला आणि मुलांना दक्षिणेत विकणार. ती चार मुलांना घेऊन गावातल्या गुलामगिरीविरोधी माणसांच्या आसऱ्याला गेली. मालकानं दावा लावला. मालकाचा एक वकील होता अब्राहम लिंकन.

तो खटला हरला. जेन आणि तिची पोरं मोकळी झाली. पण तो उभा राहिला होता त्या बाजूला.

याच गावात ११ वर्षांनी, १८ सप्टेंबर १८५८ ला, सिनेटच्या निवडणुकीतला प्रतिस्पर्धी डग्लस याच्याबरोबरच्या सात वादसभांतली चौथी झाली. त्यात त्यानं हजारो लोकांसमोर सांगितलं, की गोऱ्या आणि काळ्या वंशांत सामाजिक-राजकीय बरोबरी आणावी या मताचा मी नाही, आणि कधी नव्हतो. जत्रेच्या मैदानाजवळ त्या सभेचं छोटं संग्रहालय आहे. ते वाचून मी बाहेर येऊन बाकावर बसले. जावई चहा घेऊन आले. "आई, बरं वाटत नाहीये का?"

मी एकतीस वर्षं मुलांना शिकवलेल्या लिंकनमध्ये हे नव्हतं. मला आमच्या जोतिबांची आठवण झाली. त्यांचं मूळ गाव कटगुण, माझ्या तालुक्यातलंच. १८७३ साली 'गुलामगिरी' छापलं तेव्हा त्यांनी ते अर्पण केलं अमेरिकेतल्या त्या सदाचारी लोकांना, ज्यांनी गुलामांना दास्यातून सोडवण्यासाठी निरपेक्षपणे झीज सोसली. लोकांना. कुणा एका राष्ट्राध्यक्षाचं नाव त्यांनी तिथं घातलेलं नाही. ती अर्पणपत्रिका मी किती वेळा वाचली असेन, पण हे लक्षात आलं ते त्या बाकावर. जेनला दाराआड घेणारी माणसं, आणि चार लेकरं घेऊन अनोळखी दार ठोठावणारी जेन. त्या अर्पणात ती बसते.

दिवस चौथा: न्यू सालेम

स्प्रिंगफिल्डच्या वायव्येला वीसेक मैलांवर, सँगमन नदीच्या दरडीवर, ओंडक्यांच्या घरांचं एक गाव आहे. मूळ गाव १८४० च्या सुमारास उठून गेलं. आत्ताची घरं १९३० च्या दशकात जुन्या पायांवर पुन्हा उभारली आहेत. एकच इमारत मूळची, पिंपं बनवणाऱ्या ऑनस्टॉटचं दुकान. त्याच्या भट्टीत ढलप्या टाकून त्यांच्या उजेडात लिंकन रात्री वाचायचा.

तो इथं आला तोच अडकून. १८३१ साली एका व्यापाऱ्याचा माल घेऊन सपाट तळाच्या नावेतून न्यू ऑर्लिन्सला निघाला होता. गिरणीच्या बंधाऱ्यावर नाव अडकली, मागून पाणी भरायला लागलं. काठावर अख्खं गाव जमलं. यानं माल उतरवला, बंधाऱ्याबाहेर आलेल्या टोकाला गिरमिटानं भोक पाडलं, पाणी वाहून गेलं आणि नाव सुटली. त्याच उन्हाळ्यात तो या गावात राहायलाच आला. सहा वर्षं राहिला.

त्या सहा वर्षांत काय काय केलं! दुकानात नोकरी. ब्लॅक हॉक या आदिवासी पुढाऱ्याविरुद्धच्या लढाईत कप्तान. १८३२ ला निवडणूक लढवली आणि हरला, पण आपल्या गावच्या केंद्रात २७७ मतं मिळवली. बेरी नावाच्या भागीदाराबरोबर दुकान टाकलं, ते बुडालं. बेरी वारला आणि सगळं कर्ज याच्या अंगावर आलं. फेडायला कैक वर्षं लागली. थट्टेनं तो त्याला राष्ट्रीय कर्ज म्हणायचा. पोस्टमास्तर झाला तर टपाल टोपीत घालून लोकांच्या घरी पोचवायचा. व्याकरणाचं पुस्तक एकाकडे आहे असं कळलं तर मैलोन् मैल चालत जाऊन आणलं.

आणि तो मोजणीदार झाला. मला यात फार अर्थ वाटला. ज्याच्या बापाची जमीन चुकीच्या मोजणीनं गेली त्या पोरानं होकायंत्र आणि साखळी उसनवारीनं घेतली, भूमितीचं पुस्तक पालथं घातलं आणि शेजारपाजारच्या शेतांच्या हद्दी काढल्या. तिथं एका खोलीत तशी साखळी ठेवली आहे. लोखंडी कड्या, दर दहा कड्यांवर पितळी खुणा. राखणीला बसलेल्या बाईंनी नातवाच्या हातात एक टोक दिलं आणि दुसरं धरून त्या अंगणात चालत गेल्या. "ताणून धर," त्या म्हणाल्या, "सैल सोडलीस तर शेजाऱ्याचं रान खाशील." कर्जापायी लिंकनची साखळी, होकायंत्र, घोडा, सगळं लिलावात निघालं तेव्हा शॉर्ट नावाच्या एका मित्रानं ते विकत घेऊन त्यालाच परत केलं.

शेजारच्या पीटर्सबर्ग गावाची आखणी १८३६ साली लिंकननंच केली. पुढं तालुक्याचं ठाणं तिकडं गेलं, माणसंही गेली आणि न्यू सालेम ओस पडलं.

दिवस पाचवा: स्प्रिंगफिल्ड

१५ एप्रिल १८३७ ला तो उसन्या घोड्यावर, दोन खुर्जिनांत सगळा संसार घालून स्प्रिंगफिल्डला आला. स्पीड नावाच्या दुकानदाराकडे पलंग-गादीची किंमत विचारली. सतरा डॉलर. तेवढे नव्हते. स्पीड म्हणाला, वर माझा मोठा पलंग आहे, तिथंच झोप. हा वर गेला, पिशव्या टाकल्या, खाली आला आणि हसून म्हणाला, "स्पीड, झालं माझं स्थलांतर!"

आठवी गल्ली आणि जॅक्सन रस्त्याच्या कोपऱ्यावर त्याचं घर आहे, १८४४ साली घेतलेलं. ज्या पाद्र्यानं त्याचं आणि मेरीचं लग्न लावलं त्याच्याकडूनच. आजूबाजूची चार चौकांची वस्ती तशीच राखली आहे, मोटारींना मज्जाव, फळ्यांचे पदपथ. तिकिटाला पैसे नाहीत. थोरला मुलगा रॉबर्ट यानं १८८७ मध्ये घर राज्याला दिलं तेव्हा अटच घातली, की घर नीट राखायचं आणि लोकांना फुकट बघू द्यायचं.

घरात कशालाही हात लावायचा नाही. एकच वस्तू सोडून. रेंजर म्हणाला, जिन्याचा कठडा त्याच वेळचा आहे, तो धरूनच चढा. मी धरला. लाकूड मऊ, गुळगुळीत, मधोमध किंचित पातळ झालेलं. कज्जे लढवून आठ-आठ आठवडे जिल्ह्याजिल्ह्यांतून घोडागाडीनं फिरून हा माणूस घरी यायचा तेव्हा हात इथंच पडत असणार. वर त्याच्या खोलीत एक टीचभर मेज आहे, सहा फूट चार इंचांच्या माणसाला न शोभणारं. दुसरा मुलगा एडी १ फेब्रुवारी १८५० ला याच घरात गेला. चार वर्षंही पुरी नव्हती झाली.

बाहेर आल्यावर मी रेंजरला लेकीकरवी विचारलं, की लिंकननं हेडमास्तरांना ते पत्र लिहिलं ते कोणत्या मुलासाठी?

तो तरुण माणूस, त्याचा चेहरा जरा कसनुसा झाला. म्हणाला, भारतातून येणारे पाहुणे हे हमखास विचारतात. तसं पत्र त्यानं लिहिल्याचा काहीही पुरावा नाही. त्याच्या हातची प्रत कुठंही नाही. १९५३ पासून त्याच्या समग्र लिखाणाचे आठ खंड छापले गेले, त्यांतही ते नाही.

लेकीनं मला मराठीत सांगितलं आणि माझ्याकडे बघत राहिली. मला रडू आलं, खोटं कशाला सांगू. तीन शाळा. एकतीस शिक्षक दिन. पत्रातले विचार चांगले आहेत, ते कुणीही लिहिले असले तरी चांगलेच राहतील, हे मला कळतं. पण मी मुलांना सांगत होते की हे त्यानं लिहिलंय.

रेंजर आत गेला आणि दुकानातून एक जाड पुस्तक घेऊन आला. पान काढून माझ्यासमोर धरलं. "तुम्ही शिक्षिका आहात ना? मग हे वाचा. हे त्याचं आहे."

तारीख २२ जुलै १८६०. लिंकनला पक्षाची राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळून दोन महिने झालेले, दारात कार्यकर्त्यांची रीघ. आदल्या वर्षी रॉबर्ट हार्वर्डच्या प्रवेशपरीक्षेत नापास झाला होता. वर्षभर एक्झेटरच्या शाळेत तयारी करून आता पास झाला. त्याचा जिवलग मित्र, स्प्रिंगफिल्डचाच जॉर्ज लॅथम, मात्र नापास झाला. रॉबर्टच्या पत्रातून बापाला ते कळलं. आणि दुसऱ्या दिवशी लिंकन जॉर्जला पत्र लिहायला बसला.

आम्ही दोघींनी झाडाखाली बसून त्याचं मराठी केलं. लेक अर्थ सांगत गेली, मी शब्द बसवत गेले:

"तू हार्वर्डच्या प्रवेशात नापास झालास हे काल बॉबच्या पत्रातून समजलं. याहून मोठं दुःख मला आयुष्यात क्वचितच झालं असेल. आणि तरीही, निराशेला तू मनात घर करू दिलं नाहीस, तर यात फारसं काही नाही. तू हार्वर्डमध्ये जाऊ शकतोस, तिथून पदवी घेऊ शकतोस, हे अगदी खरं आहे; आणि एकदा प्रयत्न केलास म्हणजे यश मिळवलंच पाहिजे. 'पाहिजेच' हा शब्द. तुला मदत कशी करावी मला ठाऊक नाही. वय झालेल्या आणि पुष्कळ टक्केटोणपे खाल्लेल्या माणसाची एक खात्री तेवढी देतो, की हरायचं नाही असं तू पक्कं ठरवलंस तर तू हरूच शकत नाहीस."

खाली लिहिलंय, की या तात्पुरत्या अपयशावरून असं काही सिद्ध होत नाही, की सहज प्रवेश मिळालेल्या पुष्कळांहून तू पुढं चांगला विद्वान आणि यशस्वी माणूस होणार नाहीस. आणि शेवटी, तुझा खरा मित्र, ए. लिंकन.

मास्तरांना नाही. पोराला.

दुपारी राष्ट्राध्यक्षीय ग्रंथालयाचं संग्रहालय बघितलं. २००५ साली उघडलेलं, फार मोठं आणि फार सुंदर. लिलावात आईबापापासून ओढून नेल्या जाणाऱ्या मुलाचे पुतळे आहेत, चार मिनिटांत सगळं यादवी युद्ध दाखवणारा नकाशा आहे. पण माझं चित्त थाऱ्यावर नव्हतं. वही हातात घट्ट धरून फिरत होते.

दिवस सहावा: ओक रिज आणि स्टेशन

सकाळी ओक रिजच्या दफनभूमीत गेलो. ११७ फूट उंच समाधी, दारात लिंकनचं कांस्याचं मस्तक. नाकाला हात लावून लावून ते सोन्यासारखं पिवळं झालंय. आत अर्धवर्तुळाकार वाटेनं गेलं की तांबूस संगमरवराचा मोठा शिलाखंड. देह त्याच्याखाली दहा फुटांवर, पोलादी पिंजऱ्यात, काँक्रीटमध्ये. १८७६ साली चोरट्यांनी शव पळवायचा घाट घातला होता, म्हणून १९०१ मध्ये रॉबर्टनं हा बंदोबस्त करून घेतला. समोरच्या भिंतीत बायको मेरी आणि मुलगे एडी, विली आणि टॅड.

चार्ल्सटनचं ओझं घेऊन मी इथं आले होते. ११ एप्रिल १८६५ ला व्हाइट हाउसच्या खिडकीतून केलेल्या शेवटच्या भाषणात या माणसानं सांगितलं, की निदान अतिशय बुद्धिमान आणि सैन्यात लढलेल्या काळ्या माणसांना मतदानाचा हक्क मिळावा असं मला वाटतं. १८५८ पासून सात वर्षांत एवढं अंतर. गर्दीत बूथ नावाचा नट उभा होता. ते ऐकून त्याचा संताप झाला आणि तीन दिवसांनी त्यानं लिंकनला गोळी घातली. मी त्या दगडासमोर वाकून नमस्कार केला.

परतीच्या वाटेवर शेवटचा थांबा जुनं रेल्वे स्टेशन. विटांची साधी इमारत. ११ फेब्रुवारी १८६१, सकाळी पावसाची झिमझिम. हॉटेलपासून इथपर्यंत लिंकनची गाडी हाकत आणली ती जेमसन जेनकिन्सनं, त्याच्याच गल्लीत राहणाऱ्या काळ्या शेजाऱ्यानं. पळून आलेल्या गुलामांना या जेनकिन्सनं वाट काढून दिली होती. काल त्याच्या घराची जागा बघितली होती. घर नाही, गवत आणि पाटी आहे. डब्याच्या मागच्या फलाटावर उभं राहून लिंकन बोलला: इथं पाव शतक काढलं, तरुणाचा म्हातारा झालो, मुलं इथंच झाली आणि त्यांतलं एक इथंच पुरलंय, आता निघतोय, परत कधी येईन, येईन की नाही, ठाऊक नाही.

लेकीनं रुळांकडे तोंड करून मला ते भाषण वाचून दाखवलं. नातू मात्र कालपासून एकच विचारत होता, "आजी, जॉर्जचं पुढं काय झालं?"

जावई फोनवर काहीतरी शोधत होते. त्या वेळच्या वर्तमानपत्रांत गाडीत कोण कोण बसलं त्याची यादी छापून आली होती. न्यायाधीश, कर्नल, चिटणीस, डॉक्टर, रॉबर्ट. त्यांनी फोन नातवाच्या हातात दिला. तो बोटानं एकेक नाव खाली सरकवत गेला आणि जवळजवळ शेवटाला थांबला.

"आजी, हा बघ. जॉर्ज सी. लॅथम."